शंभरातले दोन

हॉस्पिटलात तिला सगळे ठिपकेवाल्या बाई म्हणत. आधी पाठीमागे म्हणत, मग हळूहळू तोंडावरही म्हणू लागले. तिनं ते मनाला लावून घेतलं नाही, कारण त्यात खोटं काही नव्हतं. जुन्या फायलींच्या खोलीला लागून तिला एक टेबल दिलं होतं, टेबलावर मोठा पडदा होता आणि त्या पडद्यावर दिवसभर ठिपके पळत असत. निळे ठिपके म्हणजे पेशंट, पांढरे म्हणजे सिस्टर, पिवळे म्हणजे स्ट्रेचर ढकलणारे मामा. येणारा-जाणारा दारातून डोकावायचा, "काय बाई, आज कुणी मेलं का?" असं विचारायचा आणि हसत पुढे जायचा.

काम मात्र हसण्यासारखं नव्हतं. जुनी इमारत रिकामी करून एकशे शहाऐंशी पेशंट शेजारच्या नव्या इमारतीत हलवायचे होते, तेही एका दिवसात. दोन्ही इमारती तिसऱ्या मजल्यावर एका बंदिस्त पुलानं जोडलेल्या. सगळे पेशंट त्याच पुलावरून जाणार, पलीकडच्या दोन मोठ्या लिफ्टनं आपापल्या मजल्यावर पोचणार. चौतीस जण ऑक्सिजनवर होते. भिंतीतली नळी सुटली की नव्या खाटेपर्यंत त्यांना छोट्या सिलिंडरवर काढायचं होतं, आणि छोटा सिलिंडर चाळीस मिनिटं पुरतो. वाट होती बारा मिनिटांची. कागदावर सगळं आलबेल होतं.

तिनं गणित मांडून उत्तर काढलं नव्हतं. प्रत्येक ठिपक्याला तिनं स्वतःचे नियम दिले होते. मामानं जवळचं स्ट्रेचर आधी घ्यायचं, समोरून कुणी आलं तर बाजूला व्हायचं, दमला की वेग कमी करायचा. सिस्टरनं पेशंट तयार केल्याशिवाय सोडायचा नाही. असे नियम देऊन सगळ्यांना एकदम मोकळं सोडायचं आणि बघत बसायचं. एकट्या ठिपक्याला आपल्या पुढ्यातलं तेवढं कळतं, पण शेकडो एकत्र आले की कुणीच न ठरवलेला खोळंबा आपोआप उभा राहतो. तो आधी पडद्यावर दिसावा, म्हणून मंगळवारचा तो दिवस ती शंभर वेळा खेळून पाहत होती, दर वेळी थोडा वेगळा.

गुरुवारी अधीक्षक आले. उंच, घाईतले, बोलताना घड्याळाकडे बघणारे. त्यांच्यासोबत मोठ्या सिस्टर होत्या. सव्वीस वर्षं नोकरी झालेल्या, बुटक्या, आणि डॉक्टरांनाही दरडावणाऱ्या.

"किती?" अधीक्षकांनी विचारलं.

"शंभरच्या शंभर वेळा सगळे वेळेत पोचतात. सर्वांत उशिरा पोचलेला पेशंटसुद्धा सव्वीस मिनिटांत."

"वा! मग सही करून टाका. मंगळवारी दोन वाजता जुन्या इमारतीचा ऑक्सिजन बंद करायचाय. तारीख आता हलत नाही."

मोठ्या सिस्टर पडद्यापुढे वाकून उभ्या होत्या. पुलावरून निळे-पिवळे ठिपके कसे ओळीनं, शिस्तीत चालले होते.

"यात माणसं कुठं आहेत?" त्यांनी विचारलं.

"हे सगळे माणसंच आहेत, सिस्टर."

"हे? हे तर शाळेच्या कवायतीसारखे चाललेत. माझ्या हॉस्पिटलात इतकं शहाणं कुणी नाही." आणि त्या राउंडला निघून गेल्या.

अधीक्षक हसले. तीही हसली. पण वाक्य डोक्यात कुसळासारखं रुतून बसलं.

शनिवारी सकाळी घरी चहा घेताना सासऱ्यांनी विषय काढला. त्यांना ती आप्पा म्हणे. आप्पांनी उभी हयात रेल्वेच्या सिग्नल केबिनमध्ये काढलेली. सुनेच्या कामावर त्यांचा विश्वास कमी होता, पण कुतूहल फार.

"तुझी ती पडद्यावरची प्रजा मंगळवारी नीट जाणार ना?"

"जाईल. फक्त मोठ्या सिस्टर म्हणतात, यात माणसंच नाहीत."

"बरोबर म्हणतात." आप्पांनी बशी खाली ठेवली. "गेल्या वर्षी माझं पित्ताशय काढलं तेव्हाचं आठवतंय? मला लिफ्टमध्ये घातलं आणि मागनं अख्खी वरात."

"मी मुळीच नव्हते शिरले आत," सासूबाई म्हणाल्या.

"तू नाही. ही शिरली होती. मामानं बिचाऱ्यानं बाहेर व्हा म्हटलं तर त्याच्यावरच डाफरली. तिच्या हातात माझी चप्पल होती, नव्या वॉर्डात घालायला. दार दोनदा उघडलं, दोनदा लागलं. मी आडवा, छताकडे बघतोय, आणि मनात म्हणतोय, या पोरीला कुणीतरी लाल सिग्नल दाखवा रे."

सासूबाई खुदकन हसल्या. तिला हसू आलं नाही. एकशे शहाऐंशी पेशंट, पुन्हा सिस्टर, मामा, डॉक्टर, लिफ्टसुद्धा तिनं मॉडेलमध्ये घातली होती. फक्त स्ट्रेचरमागे धावणारी बायको, भाऊ, सून यांतलं कुणीही घातलं नव्हतं. म्हणजे ती स्वतःच त्यात नव्हती.

चहा अर्धा टाकून ती हॉस्पिटलला गेली.

शनिवार आणि रविवार तिनं राखाडी ठिपके घालण्यात घालवले. भेटीच्या रजिस्टरवरून कुणाला किती नातेवाईक येतात ते पाहिलं आणि तसे वाटून दिले. कुणाला एक, कुणाला तीन, अकरा जणांना कुणीच नाही. राखाडी ठिपक्याचा नियम सोपा होता. आपल्या पेशंटच्या मागे जायचं, तो दिसेनासा झाला की घाबरायचं, घाबरलं की पुढे घुसायचं. रविवारी दुपारी तिनं दिवस शंभर वेळा खेळवला आणि आकडा दोनदा तपासला. शंभरातल्या एकतीस वेळा निदान एका पेशंटचा सिलिंडर वाटेतच संपत होता. खोळंबा नेमका लिफ्टच्या दारात होत होता, आणि तिथून मागे अख्ख्या पुलावर साचत जात होता.

सोमवारी सकाळी अधीक्षकांच्या केबिनमध्ये तिनं तो आकडा ठेवला.

"गुरुवारी शून्य होते, आज एकतीस?" अधीक्षकांचा आवाज चढला. "चार दिवसांत हॉस्पिटल बदललं की तुमचं मशीन?"

"मी चुकले होते. नातेवाईक घातलेच नव्हते."

"मग त्यांना बंदी करू. गेटवर बोर्ड लावतो. विषय संपला."

"बंदी घालूनही पाहिलं. ते गेटपाशी जमतात आणि मग एकदम आत घुसतात. चाळीसच्या वर जातो आकडा."

"हे तुमच्या पडद्यावर. प्रत्यक्षात वॉचमन आहे ना!"

मोठ्या सिस्टर खुर्चीत बसून ऐकत होत्या. "साहेब," त्या शांतपणे म्हणाल्या, "आपल्या वॉचमनला मी पेशंटच्या बायकांपुढे हात जोडताना पाहिलंय. बाई बोलतायत ते बरोबर आहे. आता हे ठिपके मला ओळखीचे वाटतात."

अधीक्षकांनी चष्मा काढून डोळे चोळले. माणूस वाईट नव्हता, फक्त चारी बाजूंनी अडकला होता. ऑक्सिजनची मोठी टाकी नव्या इमारतीकडे वळवण्याचं काम सुरू झालेलं होतं आणि ते मागे घेता येत नव्हतं.

"मग करायचं काय? तेवढं सांगा."

ते तिनं येतानाच आणलं होतं. नातेवाइकांना अडवायचं नाही. त्यांना आधीच, सकाळी आठलाच, नव्या इमारतीत न्यायचं आणि आपल्या पेशंटच्या रिकाम्या खाटेशेजारी बसवायचं. पेशंट येणार ती जागा डोळ्यांपुढे असली की माणूस मागे धावत नाही. पेशंटला उशीर झालाच तर त्यांनी मजल्यावरच्या सिस्टरला सांगायचं, सिस्टरनं पुलावर फोन करायचा आणि जवळच्या मामानं हातातलं काम बाजूला ठेवून त्या पेशंटकडे जायचं. शिवाय जुन्या इमारतीचा जो भाग रिकामा होईल त्याचं दार लगेच लावून घ्यायचं, म्हणजे तिकडं कुणी भरकटणार नाही.

"आणि आकडा?"

"दोन. शंभरातले दोन."

"दोन म्हणजे काहीच नाही," अधीक्षक म्हणाले, आणि तिनं मान डोलावली.

त्या दोनांतला एक दिवस तिनं उघडून पाहिला होता. पुलाच्या अलीकडे, बंद पडलेल्या एक्स-रेच्या खोलीशेजारी, स्ट्रेचर बाजूला घ्यायला एक खाच होती. त्या खाचेत एक निळा ठिपका थांबलेला होता. तिनं त्यावर बोट ठेवलं तेव्हा माहिती आली, नातेवाईक शून्य. तेवढ्यात केबिनमधून बोलावणं आलं आणि तिनं पडद्यावरची ती खिडकी मिटली. दुसरा दिवस उघडलाच नाही. सहीच्या कागदावर सही करताना तिला तो ठिपका आठवला होता. आठवूनही तिनं सही केली.

मंगळवार उजाडला. सातपासून माणसांची ये-जा सुरू झाली. नव्या इमारतीच्या तळमजल्यावर एका खोलीत मोठा फळा लावला होता. त्यावर दोन रकाने, निघाले आणि पोचले. जुन्या वॉर्डातून फोन आला की पहिल्या रकान्यात बरोबरची खूण, नव्या मजल्यावरून आला की दुसऱ्या. फळ्यापुढे मोठ्या सिस्टर खडू घेऊन उभ्या, अधीक्षक दोन फोन दोन कानांना लावून, आणि ती कोपऱ्यात आपला लॅपटॉप उघडून.

आणि काय सांगावं, गाडं सुरळीत चाललं! नातेवाईक खाटांशेजारी पिशव्या मांडीवर घेऊन बसले होते. पूल मोकळा होता. दहा वाजता एका स्ट्रेचरचं चाक निखळलं तर पेशंटच्या भावानं सिस्टरला सांगितलं, सिस्टरनं फोन केला, तीन मिनिटांत मामा हजर. अकराला एक लिफ्ट रुसली, अर्ध्या तासात सुरू झाली. मधूनमधून एखादी खूण राहून जायची, मग फोनवर फोन व्हायचे आणि कळायचं की पेशंट कधीचा पोचून पाणी पितोय. दुपारी एकला अधीक्षकांनी पहिल्यांदा खुर्चीत पाठ टेकली. "बाई," ते म्हणाले, "तुमच्या ठिपक्यांना माझ्यातर्फे चहा पाजा."

एक वाजून अडतीस मिनिटांनी मोठ्या सिस्टरांनी ऑक्सिजनवाल्यांचे रकाने मोजले. मग पुन्हा मोजले.

"चौतीस निघाले. तेहतीस पोचले."

"खूण राहिली असेल," अधीक्षक म्हणाले. "आज पाचव्यांदा होतंय."

"कोण राहिलंय?" तिनं विचारलं.

"पुरुषांचा वॉर्ड, खाट सतरा. एक वाजून बारा मिनिटांनी निघालाय." सिस्टरांनी नव्या मजल्यावर फोन लावला. बराच वेळ ऐकलं. त्यांचा चेहरा हळूहळू बदलला. "खाट रिकामी आहे म्हणते. आलाच नाही."

"मग त्याच्या माणसांनी सांगितलं कसं नाही? तिथं बसलेत ना?"

"साहेब, सतराला माणसंच नाहीत. दीड महिना झाला, एकही भेट नाही."

तिनं मनात हिशेब केला. एक बारा अधिक चाळीस मिनिटं. एक बावन्न. भिंतीवरचं घड्याळ एक एकोणचाळीस दाखवत होतं.

अधीक्षक एव्हाना उठले होते. "चुकून भलत्याच मजल्यावर नेला असणार. सगळे मजले शोधा. खाट अन् खाट बघा! चारही मजल्यांवर माणसं पाठवा!"

"साहेब, तो इकडं नाही," ती म्हणाली. आवाज आपलाच आहे का, असं तिला वाटलं. "तो जुन्या इमारतीत आहे. एक्स-रेजवळच्या खाचेत."

"तुम्हाला काय माहीत?"

"कालच पाहिलंय मी. मॉडेलमध्ये. तो तिथंच थांबतो."

"अहो, जुनी इमारत रिकामी करून कुलूप लावलंय! माणसाचा जीव टांगणीला लागलाय आणि तुम्ही ठिपके काय सांगताय?"

वाद घालायला वेळ नव्हता. ती पळत सुटली. मागून मोठ्या सिस्टरांचा आवाज आला, "साहेब, तुम्ही मजले बघा, मी टाकीवाल्यांना फोन करते. दोनला नळ बंद करू नका म्हणून सांगते." मग तिला काही ऐकू आलं नाही. लिफ्टसाठी थांबायचं धाडस झालं नाही. ती जिन्यानं तिसऱ्या मजल्यावर पोचली तेव्हा छाती भात्यासारखी उडत होती. पुलावर उलट्या दिशेनं धावताना एक मामा रिकामं स्ट्रेचर घेऊन समोरून आला.

"बाई, काय झालं?"

"सतरा नंबर. पुरुषांचा वॉर्ड. कुणाकडे होता?"

मामानं स्ट्रेचर तिथंच सोडलं. पन्नाशीचा, दाढीचे खुंट वाढलेला माणूस, सकाळपासून घामानं भिजलेला. "माझ्याचकडे होता. मला पुलावरनं फोन आला, की तिकडच्या पेशंटची माणसं ओरडतायत, सगळं सोडून ये. मी याला खाचेत लावला, दोन मिनिटांत येतो म्हटलं. मग तिथनं दुसरीकडे बोलावलं, मग तिसरीकडे. परत आलो तर दार बंद. मी म्हटलं, कुणीतरी नेला असणार. भाग मोकळा झाल्याशिवाय दार लावत नाहीत ना."

दार तिच्याच सांगण्यावरून लावलेलं होतं.

दोघं पुलाच्या टोकाला पोचले. दाराला कुलूप. तिनं काचेला नाक लावलं. आत अंधार होता, खाच वळणाच्या पलीकडे, काहीच दिसत नव्हतं. तिनं दोन्ही हातांनी दार बडवलं.

"किल्ली?"

"वॉचमनकडं, खाली. तो वर येईपर्यंत..." मामानं वाक्य सोडून दिलं. "चला, मागच्या जिन्यानं! साफसफाईवाल्यांसाठी ते दार उघडं ठेवलंय."

पूल परत ओलांडून, खाली उतरून, अंगण पार करून, जुन्या इमारतीच्या मागच्या जिन्यानं पुन्हा तीन मजले. मामा तिच्यापेक्षा वीस वर्षांनी मोठा होता, पण तो दोन-दोन पायऱ्या चढत होता. रिकाम्या पुरुषांच्या वॉर्डातून ते धावले. गाद्या गुंडाळलेल्या, भिंतींवरून सगळं सामान उतरवलेलं, पावलांचा आवाज घुमत होता.

तो खाचेत होता.

साठीपुढचा बारीक माणूस, चादर छातीपर्यंत ओढलेली, तोंडावर मास्क. डोळे उघडे होते. ओठ निळसर पडले होते आणि श्वास घेताना गळ्याचा खळगा आत ओढला जात होता. सिलिंडरचा काटा लाल पट्ट्याच्याही शेवटाला टेकला होता. तिनं घड्याळ पाहिलं. एक पन्नास.

"ढकला, मामा! पुढं, पुलाकडे! वॉचमन येईल तोवर दारापाशी..."

"पुढं नको!" मामा ओरडला. "पुढं दहा मिनिटं, त्यात कुलूप. मागं चला. मागं वॉर्ड आहे, चाळीस पावलांवर. भिंतीत अजून ऑक्सिजन आहे."

तिला क्षणभर कळेचना. तिच्या मॉडेलमधला एकही ठिपका कधी मागे गेला नव्हता. मागे जायचा नियमच नव्हता. तोवर मामानं स्ट्रेचर गर्रकन वळवलं होतं. तिनं दुसऱ्या बाजूनं हात लावला आणि दोघांनी ते वॉर्डात नेलं.

भिंतीवरची ऑक्सिजनच्या नळ्यांची तोंडं उघडी पडली होती. ऑक्सिजन सोडायचं, ते पाण्याची छोटी बाटली लावलेलं यंत्र प्रत्येक खाटेवरून काढून नेलेलं. पहिली खाट, नाही. दुसरी, नाही. पाचवी, नाही. माणसाचे डोळे मिटत होते. "अहो, काका, इकडं बघा," ती म्हणत राहिली, "डोळे उघडे ठेवा, इकडं बघा माझ्याकडे."

"आहे!" मामा दाराजवळच्या खाटेपाशी होता. "एक आहे! आटा अडकलाय म्हणून निघालं नाही वाटतं."

त्यानं नळी ओढून जोडली आणि चकती फिरवली. काही झालं नाही. त्यानं मुठीनं एक दणका दिला. बाटलीत बुडबुडे आले.

 बुडबुड्यांचा आवाज होत होता आणि माणसाची छाती वर-खाली होत होती, आधी झटक्यानं, मग थोडी सावकाश. किती वेळ गेला ते तिला नंतर सांगता आलं नाही. मोठ्या सिस्टर दोन सिलिंडर आणि एक डॉक्टर घेऊन आल्या तेव्हा मामा जमिनीवर बसला होता, आणि तिनं त्या अनोळखी माणसाचा हात दोन्ही हातांत धरला होता. त्याच्या ओठांचा रंग परतला होता.

सतरा नंबरचा श्वास सावरल्यावर संध्याकाळी पाचला तो, एकशे शहाऐंशीवा पेशंट, नव्या खाटेवर गेला. बाहेर कुणीतरी टाळ्या वाजवल्या.

दुसऱ्या दिवशी अधीक्षकांनी तिला बोलावलं. अहवालाचा मसुदा टेबलावर होता. एक पेशंट काही काळ वाटेत राहिला, असं त्यात एका ओळीत लिहिलं होतं, आणि जबाबदार कर्मचाऱ्याच्या नावाची जागा कोरी होती.

"मामाचं नाव घाला. तुम्हीच त्याच्यासोबत होता."

"त्याचं नाव घालणार नाही."

"पेशंट टाकून गेला तो!"

"बोलावणं आलं की हातातलं काम ठेवून जायचं, हा नियम मी दिला होता, साहेब. दार लावायचा नियमही माझाच. ज्याचं कुणी नाही त्याच्यासाठी ओरडायला कुणी नसेल, हे मला आदल्या दिवशी दिसलं होतं. मी खिडकी मिटली. आणि शेवटी वाचवला तो मामानं. मी तर त्याला कुलपाकडे ढकलत होते."

अधीक्षकांनी हातातलं पेन खाली ठेवलं. "दिसलं होतं, हे लिहिणार तुम्ही?"

"हो."

"दोन म्हणजे काहीच नाही, असं मी म्हणालो होतो. तेही लिहिणार?"

"मी मान डोलावली होती. तेवढं लिहीन."

त्यांनी मसुदा तिच्याकडे सरकवला. "तुम्हीच लिहा," म्हणाले, आणि घड्याळाकडे न बघता खिडकीबाहेर बघत बसले.

सतरा नंबरला ती तीन दिवसांनी भेटायला गेली. तो पूर्वी पुस्तकं बांधायचं काम करायचा, खोकल्यानं धंदा सुटला होता. तिनं त्याला काही न लपवता सगळं सांगितलं. तो ऐकत राहिला. मग म्हणाला, "मला वाटलं, माझी वेळच झाली. एवढं शांत होतं तिथं." थोड्या वेळानं त्यानं तोंड भिंतीकडे केलं. "जा आता तुम्ही." ती उठली. माफ केलं, असं तो म्हणाला नाही आणि तिनंही मागितलं नाही. पुढच्या आठवड्यात ती पुन्हा गेली तेव्हा त्यानं पाय आखडून तिला खाटेवर बसायला जागा केली. बोलणं मात्र हवापाण्याचंच झालं.

महिन्याभरानं आवारातल्या दुसऱ्या एका इमारतीतला बायकांचा आणि मुलांचा विभाग हलवायचा होता. अधीक्षकांना बाहेरची कंपनी बोलवायची होती, पण मोठ्या सिस्टर अडून बसल्या. जिची एकदा चूक झालीय आणि जिनं ती स्वतःहून सांगितलीय, तीच बाई मला पाहिजे, म्हणाल्या. एकटं कुणी असेल तर त्याच्या खाटेशेजारी आपला एक माणूस नावानिशी बसवायचा, हे आधीच ठरून गेलं.

ती पुन्हा त्या टेबलाशी बसली, पण या वेळी शेजारी दुसरी खुर्ची ठेवली होती. त्या खुर्चीवर मामा बसला होता, अवघडून, टोपी गुडघ्यावर ठेवून.

"मामा, समजा दोन जणांनी एकदम हाक मारली. तुम्ही आधी कुणाकडे जाता?"

मामानं दाराकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "खरं सांगू, की साहेबांना बरं वाटेल तसं?"

"खरं."

"खरं म्हणजे, जो मोठ्यानं ओरडतो त्याच्याकडे. आणि लिफ्टजवळ असलो तर लिफ्टपाशी जो असेल त्याच्याकडे, कारण पाय दुखतात. आणि दुपारी बारानंतर कुणाकडेच पटकन जात नाही."

"का?"

"भूक लागलेली असते, बाई," मामा म्हणाला. "तुमच्या यांना भूक लागत नाही का?"

तिनं वही पुढे ओढली आणि लिहायला घेतलं.